मेल्याचा आवाज

मेल्याला मरण मात्र छान जमायचं. म्युनिकमध्ये माझ्या शेजारच्या खोलीत राहणारा हा इटालियन नट सिनेमात दुय्यम कामं करायचा आणि प्रत्येक सिनेमात मरायचा. कधी वेटर होऊन, कधी दर्यावर्दी, कधी कुणी अरब. "नायकाला नुसतं जिवंत राहायचं असतं, त्याला अभिनय कशाला हवा?" असं मिशीवर हात फिरवत म्हणायचा. आम्ही मराठी विद्यार्थी त्याला 'मेला' म्हणायचो. मी तर दोन्ही अर्थांनी म्हणायचो.

मला तो मुळीच आवडत नसे. शनिवारी सगळ्या घराला मिळून काय ते गरम पाणी असायचं, ते हा गाणी म्हणत संपवायचा. आईनं पुण्याहून धाडलेला चिवडा मी कपाटात लपवला, तरी ह्याच्या मिशीत पोह्याचा कण! वर मलाच 'महाराजा' म्हणून हाक मारायचा.

त्याचं दुखणं एकच होतं. जर्मन बोलताना त्याचे इटालियन हेल जात नसत, म्हणून पडद्यावर ओठ त्याचे आणि आवाज कुणा जर्मनाचा. "इतका मेलो, पण माझा आवाज कुणी ऐकला नाही," असं बीअर घेतली की म्हणायचा. एकदा तरी आपला आवाज लोकांना ऐकवायचा, हाच त्याचा ध्यास. मला दया आलीही असती, पण त्याची ती ट्रंक!

ती अवजड ट्रंक तो अंधाऱ्या बोळात ठेवायचा, नेमकी माझ्या दारापाशी. संध्याकाळी परतलो की नडगी तिच्यावर आपटायची आणि मी कळवळायचो, "अगं आई गं!" लगेच त्याच्या खोलीतून, "अगं आई गं!" माझी परीक्षा तोंडावर आलेली आणि भिंतीपलीकडे हा माझ्या आईला हाका मारत बसलेला! शेवटी मी त्याचं दार ठोकलं.

"बंद कर हे!"

"पण अर्थ काय त्याचा?"

"दुखलं की आम्ही आईला हाक मारतो."

"गेनाऊ! अगदी बरोबर!" म्हणाला खूश होऊन. ट्रंक काही हलवली नाही.

मग त्यानं एका सिनेमाचा पास दिला, आणि फुकटचा म्हणून मी त्याच्याबरोबर गेलो. पडद्यावर हिंदुस्थानातला राजवाडा आणि हा तिथला नोकर, डोक्याला बँडेज बांधल्यासारखा फेटा. बोलत होता तो नेहमीचाच जर्मन आवाज. मग ह्याच्या पोटात खंजीर बसला आणि हा ओरडला, "अगं आई गं!" एवढ्या शब्दांना म्युनिकात दुसरा आवाज कुठून मिळणार? तेवढा त्याचाच ठेवला होता.

शेजारी बसलेल्या मेल्यानं माझा हात घट्ट धरला. डोळे भरून आले होते. "ऐकलंस? तो मी होतो!"

"तो मी होतो," मी म्हणालो आणि हात सोडवून घेतला. अशी चीड आली! नुसते शब्द नव्हेत, माझा तो लांबलेला 'गं', त्यातलं कण्हणं, सगळं उचललं होतं चोरानं.

पुढे त्याची कामं आटली आणि तो इटलीला परत गेला. तिकडे तो खरोखरच वारल्याचं घरमालकीणबाईंनी सांगितलं. मी "अरेरे" म्हटलं, तेवढंच.

माझ्या लग्नानंतर, म्युनिकातच, एका रविवारी टीव्हीवर तोच सिनेमा लागला. बायको स्वयंपाकघरात कणीक मळत होती. तिला मी मेल्याबद्दल कधी अवाक्षर बोललो नव्हतो. खंजीर बसला, "अगं आई गं!" झालं, आणि ती पिठाच्या हातांनी धावत बाहेर आली.

"अहो, कुठे पडलात? फार लागलं का?"

मी डोळे पुसले, आणि त्याचाही मला रागच आला.

"मी नव्हे गं," मी म्हणालो. "मेला."

शेवटी माझ्या बायकोलासुद्धा फसवलं की मेल्यानं!