तोंड प्रेक्षकांकडे

आमचे चुलतसासरे आयुष्यात एकाही माणसाच्या तोंडाकडे बघून बोललेले नाहीत. माझ्या लग्नात त्यांनी मला 'अष्टपुत्र व्हा जवाईबापू' असा आशीर्वाद दिला, तो मांडवाच्या कोपऱ्यातल्या आइस्क्रीमवाल्याकडे बघून. तो बिचारा गडबडीने वाकून पायाच पडला. दवाखान्यात घसा दुखतो हे ते डॉक्टरांना सांगत नाहीत, बाकावर बसलेल्या पेशंटांना सांगतात. मग बाकावरून हळदीचे, लवंगेचे, काढ्याचे चार उपाय मिळतात आणि स्वारी डॉक्टरांची गोळी न घेताच घरी येते. याला कारण त्यांचा धंदा. खानदेशातल्या एका तमाशाच्या फडात त्यांनी उभी हयात प्रधानाचं काम केलं. राजा कधी झाले नाहीत. धावत यायचं, "महाराज, घात झाला!" असं ओरडायचं आणि बाजूला व्हायचं. पण ओरडताना तोंड प्रेक्षकांकडे, हा गुरूने घालून दिलेला नियम. "राजाले काय सांगनं शे? त्याले पाठ शे. तिकीट काढीसन जो बठेल शे, त्याले सांगो!" हे तत्त्वज्ञान त्यांनी मला माझ्या मागच्या पाण्याच्या टाकीकडे बघून समजावलं होतं. आणि आवाज म्हणाल तर सुरतेच्या उधन्यात काका खाकरले की बारडोलीच्या उसातलं रानडुक्कर दचकतं, असं माझे सासरे सांगत.

फड मोडल्यावर काका सुरतेला आले. इथे उधन्यात काकू लूमच्या एका खात्यात, म्हणजे कापड विणायच्या कारखान्यात, सुताच्या कांड्या भरायच्या, त्यांच्याच जोरावर घर उभं होतं. काकांना त्याच खात्याच्या फाटकावर वॉचमनची जागा मिळाली. तिथे त्यांना एका गुजराती पोराने हेरलं. हा पोरगा कारखान्यांसाठी सुरक्षेच्या फिल्मा काढतो. खात्यात ओडिया, तेलुगू, भोजपुरी, मराठी सगळे. कोणत्या भाषेत बोंबलणार? म्हणून त्याच्या फिल्मा मुक्या, मागे नुसती पेटी. काकांनी ताबडतोब मिशीला कलप लावला. पहिल्या फिल्ममध्ये त्यांना चादरीखालचं प्रेत केलं, तर प्रेत शिंकलं. दुसरीत ते लांबून येऊन सांडलेल्या तेलावर घसरणार होते. घसरता घसरता त्यांनी अंगावर धावून येणाऱ्या कॅमेऱ्याकडे वळून दोन्ही हात वर केले आणि "महाराज, घात झाला!" म्हणून घेतलं. "काका, कॅमेरा सामे नइ जोवानुं!" कॅमेऱ्याकडे बघायचं नाही म्हणून पोरगा ओरडून ओरडून थकला. काका म्हणाले, "मंग त्यानं मन्हाकडे काब्रं पाहावं?"

इथवर सगळी गंमतच होती. पण घरात दुसरंच शिजत होतं. खात्याच्या खडखडाटात इतकी वर्षं काढून काकूंचे कान गेले होते. तसं खात्यात कान कुणाला लागतात? तिथे सगळे एकमेकांचे ओठ वाचतात, आणि काकू तर वीस पावलांवरून वाचायच्या. पण नवऱ्याचे ओठ सदा दाराकडे, नाहीतर भिंतीवरच्या कॅलेंडरकडे. काकूंना वाटे, हा माणूस आपल्याशी बोलेनासा झाला. काकांना वाटे, ही मुद्दामच उत्तर देत नाही. शेवटी काकूंनी दोंडाईच्याच्या बहिणीला निरोप धाडला, येते, कायमची. "मुक्या माणसाबरोबर किती दिवस काढू?" असं त्या माझ्या बायकोला म्हणाल्या. बघा! अख्ख्या उधन्यात सगळ्यांत मोठा आवाज, आणि घरची बाई त्याला मुका म्हणते! मी काकांना सांगितलं. त्यांनी खिडकीतल्या कबुतराला उत्तर दिलं, "जाऊ दे तिले."

दुसऱ्या दिवशी आगीच्या फिल्मचं शूटिंग होतं. मी टेम्पोवाला, काकांना सोडायला गेलो आणि वाळूची बादली धरून तिथेच उभा राहिलो. पहिल्यांदाच काकांचं तोंड जवळून घेणार होते. पोरगा म्हणाला, "आग पाहून घाबरायचं, काका. काहीबी बोला, आवाज येणारच नाय."

"काहीबी?"

"काहीबी."

काका सवयीने कॅमेऱ्याकडे वळले. ओठ हलले, आवाज मात्र नाही. डोळे भरून आले. पोरगा इतका खूश झाला की कॅमेऱ्याकडे बघितल्याबद्दल ओरडायचंही विसरला.

फिल्म दाखवायला खातं बंद ठेवून मोठा पडदा लावला. काकूंची गाडी त्याच दिवशी दुपारची होती. माझ्या बायकोने ओढून आणलं म्हणून त्या पिशवी मांडीवर घेऊन पुढे बसल्या. आग लागली, आणि पडद्यावर भिंतीएवढे काका सरळ आमच्याकडे बघत बोलायला लागले. कांड्यावाल्या बायका खुदकन हसल्या. मग मागचे कारागीर हसले. शिट्ट्या सुरू झाल्या. पोरगा घाबरला, आगीवर हसतात का हे लोक? मी शेजारच्या बाईला विचारलं, "काय म्हणतात ते?" ती तोंडाला पदर लावून म्हणाली, "म्हणतात, मन्हं चुकनं वं. नको जाऊ. तू गयी तं मी कोनासंगे बोलसू?"

काकू हसल्या नाहीत. उठून त्या पोराला हाताने म्हणाल्या, परत लाव. तीनदा लावायला लावलं. मग मागे दाराशी चोरासारख्या उभ्या असलेल्या काकांपाशी गेल्या आणि मोठ्याने म्हणाल्या, "इतलं बोलाले पडदा लागस का तुमले?" काका फाटकाकडे बघून काहीतरी सांगायला लागले. काकूंनी सगळ्यांसमोर त्यांची हनुवटी धरली आणि तोंड आपल्याकडे वळवलं. दुपारची गाडी गेली. पिशवी मीच टेम्पोत टाकून घरी परत आणली. माझ्याही डोळ्यांत पाणी आलं होतं, खोटं कशाला सांगू!

पोराने तो तुकडा कापला आणि काकांनाही. कामगार आग विसरून भलतंच पाठ करतात, ही त्याची तक्रार. काकांची सिनेमातली कारकीर्द तिथेच आटोपली. आता संध्याकाळी दोघं ओट्यावर समोरासमोर बसतात. आवाजाची गरज नाही हे कळल्यापासून काका नुसते ओठ हलवतात, आणि काकूही. चाळ इतकी शांत झाली आहे की करमत नाही. मी मुद्दाम म्हणतो, "काका, एकदा ते 'घात झाला' होऊन जाऊ द्या." काका काकूंकडे बघतात, दोन्ही हात वर करतात, ओठ हलवतात. काकू पोट धरून हसतात. मला काहीच ऐकू येत नाही.