हरभऱ्याचे शेंडे

नात अंगणात ओकत होती, तोंडाला फेस आला होता. सकाळच्या थंडीत आम्ही दोघींनी शेतात हरभऱ्याचे कोवळे शेंडे खुडून तसेच खाल्ले होते. हिवाळ्यात रानातली भाजी सोडून बाजारची कशाला, असं मीच म्हणायची.

मुलगा म्हणाला, “माय, कालच औषध फवारलं हाय त्याच्यावर. इचारायचं तरी.”

जीपमध्ये बसताना सून म्हणाली, “बाजारची भाजी शिळी लागती ना तुमाला.”

मी नातीचं डोकं मांडीवर घेतलं. माझंही पोट पिळवटत होतं, ते बीडच्या दवाखान्यात पोहोचल्यावरच सांगितलं. तिथेही मला खाटेवर पडवेना, सारखी उठून नातीकडे जायची.

अजून थंडीत बांधावर गेले की हात शेंड्याकडे जातो, मग मुलाला हाक मारून विचारते.

नात वाचली. मीही वाचले.