खळमामांनी शिवलेलं पान

खळमामांचं खरं नाव त्यांच्या बायकोलाही आठवून सांगावं लागायचं. जुन्या नोंदींच्या कचेरीत एकतीस वर्षं फाटक्या वह्या बांधल्या, बोटांना कायम खळ, म्हणून खळमामा. एकदा नव्या साहेबांशी हात मिळवला, तर साहेबांच्या हातातला कुणाचा तरी अर्ज मामांच्या तळव्याला चिकटून आला. "मंजूर समजू का?" मामांनी विचारलं म्हणे. साहेब हसले नाहीत, पण दारावरचा पहारेकरी आठवडाभर हसत होता.

मामांच्या उस्तादांनी त्यांना एक नेम घालून दिला होता: शिवायचं, वाचायचं नाही. "वाचत बसलास की टाका वाकडा पडतो." मामांनी तो असा पाळला की सगळ्या गावाचा इतिहास मांडीवर घेतला, खाली-वर केला, पण एक ओळ म्हणून वाचली नाही.

ह्याच गुणावर एका चष्मा लावणाऱ्या गृहस्थांची नजर पडली असावी; मामा त्यांना चष्मेवाले म्हणत. महिन्यातून एका बुधवारी ते यायचे. इस्त्रीचे कपडे, आवाज लोण्यासारखा. वरच्यांची सही असलेली चिठ्ठी द्यायचे. अमक्या वहीतलं अमकं पान खराब झालंय, ते काढा, ही नक्कल शिवा. जुनं पान घडी घालून खिशात टाकून न्यायचे. अशी अकरा पानं झाली. "हात काय आहे तुमचा!" ते म्हणायचे, आणि मामा आपले खूश.

मग एका मंगळवारी मामांची थोरली बहीण, अक्का, तणतणत कचेरीत आली.

"अरे, आमच्या खालच्या गल्लीत मोजणीवाले आलेत. म्हणतात, इथं पूर्वी तळं होतं, तुम्ही ते बुजवून घरं बांधलीत, खाली करा! गुरुवारी दहाला गल्लीतच सुनावणी आहे. पणजोबांनी खणलेल्या विहिरीवर मी रोज पाणी भरते, ते काय तळ्यात पोहत जाऊन?"

"नोंद असेल ना कुठंतरी," मामा म्हणाले.

"मग बघ की! एकतीस वर्षं तिथं काय अंडी उबवतोयस?"

बुधवारी सकाळी मामांनी खालच्या गल्लीची वही काढली. आणि पान उघडताच बोट शिवणीवर थांबलं. टाका त्यांचाच होता. आयुष्यात पहिल्यांदा त्यांनी आपण शिवलेलं पान वाचलं: 'येथे तळे असून वस्ती नाही.'

त्यांनी भराभर बाकीच्या वह्या ओढल्या. एका पानावर नदीकाठची शाळा कधी बांधलीच गेली नव्हती. त्या शाळेत मामा स्वतः बाराखडी शिकले होते! आज तिथं मोठी गोदामं होती, आणि शाळेबद्दल हल्ली कुणी बोलत नसे.

पण कागदाचं एक मामांना ठाऊक होतं, जे नक्कल लिहिणाऱ्यांना ठाऊक नव्हतं. जुनी शाई ओली असताना वही मिटली, की अक्षरं समोरच्या पानावर उलटी उमटतात. मामांनी दाढीचा आरसा आणून समोरच्या पानाला लावला. तपकिरी सावल्या सरळ झाल्या: अठरा घरं, एक विहीर, खणणाऱ्यांची नावं. चौथं नाव पणजोबांचं.

"आरसा?"

चष्मेवाले दारात उभे होते. बुधवार होता, हे मामा विसरलेच होते.

"मिशी बघत होतो, साहेब. पांढरी झाली."

"होतेच." ते शेजारी बसले. वहीकडे पाहिलं, मग मामांकडे. "तुमच्या अक्का बारा नंबरच्या घरात ना? गुडघे दुखतात त्यांचे, विहिरीच्या पायऱ्या जपून उतरायला सांगा."

अक्काच्या गुडघ्यांचं ह्यांना कुणी सांगितलं?

"घाबरू नका. आमची मंडळी कुणाला मारत नाही. काल काय झालं ते आम्ही नीट लावतो, मग आज आपोआप हवा तसा येतो. ही वही मी नेतो."

मामांनी आडोशाने खळीचा कुंचला वहीच्या कण्यावरून फिरवला. "खळ ओली आहे, साहेब. आत्ता उचललीत तर सगळी पानं सुटून येतील. उद्या वाळेल."

चष्मेवाल्यांनी कण्याला बोट लावलं, चिकटलं. पुस्तकातलं त्यांना सगळं कळे. पुस्तक कळत नव्हतं. "उद्या बाराला," ते म्हणाले.

गुरुवारी दहाला मामा वही आणि आरसा कामाच्या फडक्यात गुंडाळून खालच्या गल्लीत पोचले. वाटेत इस्त्रीचा सदरा दिसला की ते रस्त्याची बाजू बदलत. टेबलामागच्या अधिकाऱ्यासमोर त्यांनी वही उघडली आणि समोरच्या पानाला आरसा लावला.

"हे पान खोटं आहे. मी शिवलंय. ह्या हातांनी."

अधिकाऱ्याने आरशात पाहण्याआधी मान वर करून गर्दीच्या मागच्या टोकाला पाहिलं. मामांनीही वळून पाहिलं. चष्मेवाले तिथं उभे होते, शांतपणे.

अधिकारी वही मिटणार, तोच अक्काने आरसा हिसकावला आणि सबंध गल्लीला ऐकू जाईल अशा आवाजात एकेक नाव वाचलं. माणसं पुढं सरकली. ज्याच्या त्याच्या घरचं नाव निघत होतं, पोरंसुद्धा आरशात डोकावून घोकायला लागली. आता ही नावं कुठल्या वहीतून फाडणार? अधिकारी पुटपुटला, "घरं राहू द्या." चष्मेवाले निघून गेले होते.

सोमवारी मामा आपलं दाभण, सुरी न्यायला कचेरीत गेले. पहारेकरी आडवा आला. रोज शिव्या घालून स्वागत करणारा तो माणूस आज त्यांच्या तोंडाकडे बघेना.

"आपण कोण?"

"अरे, डोकं फिरलं का? मी!"

"इथं वह्या शिवणारा कुणी नव्हताच कधी. हजेरीपत्रकात नाही." त्याचे ओठ पांढरेफटक पडले होते. त्याच्या मागच्या खिडकीत इस्त्रीची एक बाही दिसत होती.

त्याच्या पोरीच्या शाळेची सगळी पुस्तकं मामांनी बांधून दिली होती. ते ओठावर आलं होतं. त्यांनी बाहीकडे पाहिलं, मग पहारेकऱ्याकडे.

"चुकलंच, साहेब," मामा मोठ्यानं म्हणाले. "दुसरं दार असेल." आणि हत्यारं तिथंच सोडून ते वळले.