कुत्र्यांना थांबवणारे आजोबा

कुत्रेवाल्या आजोबांचा आवाज मी स्लेजवर बसून एकदाही ऐकला नाही. बर्फावरून कुत्री ती गाडी ओढत, मी आत बसे आणि आजोबा माझ्या पाठीशी फळ्यांवर उभे राहत. पुढे आठ कुत्री बेभान पळत असत. आजोबा काहीतरी पुटपुटत; हातभर अंतरावर असून मला ते ऐकू येत नसे, पण सगळ्यात पुढच्या म्हाताऱ्या कुत्रीला ऐकू जाई. आठही एकदम थांबत. पहिल्यांदा हे पाहिलं तेव्हा अंगावर सरसरून काटा आला होता.

नवऱ्याच्या कंपनीने आम्हाला निशी-कसाईच्या भारतीय वस्तीतून उचलून पार उत्तरेला होक्काइदोत एका गोठलेल्या तळ्याकाठी नेऊन टाकलं. तिथे ना मेथी, ना मराठी बोलायला कुणी. शेजारी हे आजोबा, त्यांची मुलगी मिदोरी-सान आणि पर्यटकांना फिरवणारी त्यांची कुत्री. घरात बसून वेड लागेल म्हणून मी त्यांच्याकडे अरुबाइतो, म्हणजे फावल्या वेळची नोकरी, धरली. काम काय, तर कुत्र्यांना खायला घालायचं आणि त्यांची घाण उचलायची. "पुण्यात गल्लीतल्या कुत्र्याला भिऊन रिक्षा करायचीस तू!" असं नवरा अजून चिडवतो.

आजोबा तरुणपणी थेट ध्रुवाकडच्या बर्फात स्लेज हाकून आले होते. त्याबद्दल विचारलं की कुत्र्यांकडे वळत. एकदाच बोलले.

"जोशी-सान, यांना पळवायला माणूस लागत नाही, थांबवायला लागतो. पंजे फाटले तरी पळतच राहतात. तिकडे माझी एक कुत्री अशीच पळता पळता गेली. मी थांबवायला हवं होतं."

म्हणून तळ्याच्या काठावर, एका पांढऱ्या खोडाच्या झाडापाशी, ते दर फेरीला थांबत. हातमोजे काढून प्रत्येक कुत्र्याच्या बोटांमधले बर्फाचे खडे काढत. कुत्रीही शहाण्या मुलांसारखी ओळीने पंजा वर करीत. पर्यटक कुरकुरले तर म्हणत, "तुम्हाला बूट आहेत. यांना नाहीत."

गेल्या हिवाळ्यात आजोबांनी अंथरूण धरलं. "माझ्यानंतर यांना कोण थांबवणार?" एवढा एकच घोर त्यांना होता. कारण मिदोरी-सानचं कुत्री ऐकत नसत. त्याच काळजीत ते गेले.

त्यानंतर मिदोरी-सानने पहिल्यांदा स्लेज काढली तेव्हा मार्च होता. तळ्यावरचा बर्फ पाणचट झाला होता, म्हणून आम्हाला झाडाच्या आधीच वळायचं होतं. पण कुत्री वळेनात. मिदोरी-सान ब्रेकवर दोन्ही पाय रोवून घसा फुटेस्तोवर ओरडत होती. समोर काळपट तळं जवळ येत होतं. मी डोळे गच्च मिटून रामरक्षा सुरू केली, तीही चुकली.

आणि स्लेज थांबली. झाडापाशीच.

वारा पडला होता. पुढच्या म्हाताऱ्या कुत्रीने पंजा वर केला, थोडा वेळ तसाच धरला आणि खाली ठेवला. मग तिच्या शेजारच्याने. मग त्याच्या मागच्याने. कुणीतरी सावकाश एकेकापाशी वाकत आमच्याकडे येत असावं, तसं चाललं होतं. बर्फात मात्र पाऊल उमटत नव्हतं.

शेवटच्या कुत्र्याने पंजा खाली ठेवल्यावर मी उतरले आणि म्हातारीचा पंजा हातात घेतला. बोटांमध्ये बर्फाचा एकही खडा नव्हता. भीतीच्या जागी मला रडू फुटलं.

"तुम्हाला बाबांचा आवाज ऐकू आला?" मिदोरी-सानने हळूच विचारलं.

"नाही," मी म्हणाले. तो मला कधीच ऐकू येत नसे.