मुक्या सिनेमाला मामांचं तोंड

हार घेऊन येणारी मंडळी दिसली की उसात जाऊन लपणारा माणूस अवघ्या सांगली-सातारा भागात एकच झाला, ते म्हणजे आमच्या आष्ट्यातले, आमच्या गल्लीचे मामा. लढाई संपल्यावर मामा पलटणीतून आले ते हाताला हे भलंथोरलं बँडेज बांधून. झालं! कुणी काही विचारायच्या आत गावानं फेटा बांधला, बैलगाडीत बसवलं आणि हलगी लावून मिरवलं. आमच्याकडे फौजी घरी आला की आधी मिरवणूक, चौकशी मग. तेव्हापासून झेंडावंदनाचं बोलावणं आलं की मामा रहिमतपूरला बहिणीकडे पळत. सत्काराची शाल त्यांनी रेडकाच्या पाठीवर घातली. "थंडी त्याला वाजती, मला न्हाई," म्हणाले. एरवी गडी लय बोलका! फक्त गल्लीतल्याच आक्कांच्या दारावरून कधी जात नसत. आक्कांचा लेक बाळू त्यांच्याच पलटणीत होता. तो परत आलाच नाही.

एका वर्षी जत्रेत तंबूतला सिनेमा आला, तो नेमका मुका. तंबूच्या मालकानं पडद्यावरचं बोलायला माइक मामांच्या हाती दिला. पडद्यावरचा भित्रा शिपाई पळू लागला की मामा ओरडत, "पळ रं गड्या, पर बघून, म्होरं वढा हाय!" माणसं हसून लोळत होती. पळता पळता तो शिपाई शत्रूच्या सेनापतीवरच कोसळला, आणि लोकांनी त्याला वीर ठरवून हारांत बुडवला. इथं मामा उठून उभे राहिले.

"ह्यो मीच हाय," कर्ण्यातून आवाज आला. "मी पलटणीचा सैपाकी हुतो. हात भाजला त्यो उकळत्या डाळीनं. तुमी मिरवलंसा, आन् माजी जीब उचलली न्हाई. आक्का, त्ये हार तुमच्या बाळूचं हुतं."

मामांचा मला फार अभिमान वाटला. भर जत्रेत खरं बोलायला छाती लागते हो! बायकांच्या बाजूनं आक्का उठल्या.

"बाळू तुज्या हातचं जेवायचा?"

"व्हय आक्का. शेवटचं बी माज्याच हातचं."

"पोटभर?"

"मागून मागून जेवला."

"मग तोंड का लपवत फिरलास रं? उद्या घरला ये. समदं सांग मला."

मामा लहान पोरासारखे रडले.

मग ते रोज आक्कांच्या ओट्यावर बसू लागले. बाळू आमटीत भाकरी कशी कुस्करायचा, दोडका ताटात पडला की कसं तोंड करायचा, हेच पुन्हा पुन्हा सांगायचे, आणि आक्का दर खेपेला नव्यानं ऐकायच्या. आता दोघंही नाहीत. सरकारनं आक्कांना सगळं रीतसर कळवलं होतं. पण लेक जेवला होता का, तेवढं कुणी कळवलं नव्हतं.