गुलाबी कागदावरचं लग्न

चि. सौ. कां. मंगला वाकनीस हिचं लग्न मी एका सिनेमाच्या नटाशी लावून दिलं, आणि तेही अडीचशे प्रतींत. त्याची हकीकत सांगितल्याशिवाय तिचे वडील भय्यासाहेब वाकनीस कोण होते हे सांगता यायचं नाही, म्हणून आधी माझं पाप.

छप्पन सालचा कार्तिक. मध्यभारत बुडालं आणि मध्यप्रदेश वर आला. वर्तमानपत्रांत ती राज्यांची पुनर्रचना होती, माधव नगरातल्या आमच्या मामांच्या प्रेसमध्ये ती शिशाच्या खिळ्यांची, म्हणजे छपाईच्या अक्षरांची, टंचाई होती. कचेऱ्या, शाळा, सोसायट्या, गुरांचा दवाखाना, सगळ्यांना नव्या नावाचे कागद हवे होते आणि आजच्या आज हवे होते. केसमधले खिळे सगळे कुठल्या ना कुठल्या साहेबाच्या लेटरहेडात अडकलेले. नवा मजकूर जुळवायला हात घालावा तर खणात धूळ.

अशात भय्यासाहेब आले. ते टॉकीजचे प्रचारक. शुक्रवारी ‘इश्तहारी जोडी’, म्हणजे जाहिरातीतली जोडी, नावाचा पिक्चर लागणार होता. त्यात एक नट आणि एक नटी, रतनदीप आणि चित्रबाला, एकमेकांचं तोंड पाहत नाहीत. पण त्यांचा पिक्चर चालावा म्हणून कंपनीचा जाहिरातवाला दोघांचं लग्न ठरल्याची बातमी छापून टाकतो. मग दोघांना चारचौघांत गोड बोलावं लागतं, पेपरवाल्यांपुढे हातात हात घ्यावा लागतो, आणि दार बंद झालं की उशा फेकून मारामारी. गोष्ट विनोदी होती.

“माणिक, मराठी घरांसाठी हँडबिल वेगळं काढू,” भय्यासाहेब म्हणाले. “हँडबिल माणूस पाहतो आणि फेकतो. लग्नाची पत्रिका कोणी फेकतं का? चित्रबालेच्या लग्नाचीच पत्रिका काढायची. गुलाबी कागद, हळदकुंकवाचं बोट. खाली मॅनेजरचं नाव.” मजकूर त्यांनी आपल्या वळणदार अक्षरात लिहून दिला आणि पिक्चरच्या रिळांची पेटी आणायला ते इंदूरला गेले.

खिळे नव्हते. पण कोपऱ्यातल्या गॅलीवर, म्हणजे पत्र्याच्या ताटलीवर, दोऱ्याने बांधलेला एक जुळवलेला मजकूर तयार पडला होता. मंगलेच्या खऱ्या लग्नाचा. दोनशे पत्रिका छापून, वाटून झाल्या होत्या. परगावच्या पन्नास आणखी लागतील, मोडू नकोस, असं भय्यासाहेब बजावून गेले होते. मी म्हटलं, वा! वधूचं नाव काढलं, चित्रबाला बसवली. वराचं काढलं, रतनदीप बसवला. स्थळाच्या ओळीत टॉकीज आणलं. इतक्यात मामांनी गुरांच्या दवाखान्यासाठी हाक मारली. परत आलो तो थेट छपाईच्या ट्रेडलवरच. प्रूफ मीच वाचलं आणि मीच पास केलं. प्रत्येक प्रतीला हळदकुंकू मीच लावलं, प्रती वाटल्याही मीच, घरोघर, वाकून नमस्कार करत.

वरची ‘आमची एकुलती एक कन्या’ तशीच राहिली होती. तारीख तीच, मुहूर्त तोच. आणि खाली, ‘आपला नम्र, भय्यासाहेब वाकनीस’.

आता भय्यासाहेब. वाकनीस हे त्यांचं नुसतं आडनाव नव्हतं, शंभर वर्षांचा धंदा होता. आजे-पणजे शिंदे सरकारच्या चाकरीत निमंत्रणं लिहीत. भय्यासाहेबांनी स्वतः सुभ्याच्या कचेरीत एकवीस वर्षं तेच केलं. दसऱ्याच्या दरबाराला कोणाला ‘यावे’ लिहायचं, कोणाला ‘येणे करावे’, कोणाला ‘येण्याची कृपा व्हावी’, कोणाच्या कागदाला केशराचे शिंतोडे आणि कोणाला नुसतंच कुंकू, हे त्यांना विचारावं. कोणाच्या निमंत्रणात चूक गेली तर वाकनीसाने स्वतः त्याच्या दारी जावं, चुकीचा कागद मागून घ्यावा, नवा द्यावा, आणि चूक कोणाची हे सांगू नये, अशी रीत होती. कचेरीचा शिपाई चुकला तरी गेला वाकनीसच.

अठ्ठेचाळीस साली संस्थान विलीन झालं. भारत सरकारला निमंत्रणं लिहिणारा माणूस नको होता. दोन वर्षं भय्यासाहेब पुतण्याच्या किराणा दुकानात पुड्यांवर भाव लिहीत बसले. पुड्याही अशा अक्षरात की लोक जिरं काढून कागद जपून ठेवत. मग टॉकीजच्या सेठने त्यांना उचललं. अक्षर चांगलं, आवाज खणखणीत, घराणं जुनं. टांग्यात बसून, हातात भोंगा धरून, डोक्यावर दरबारी पागोटं, भय्यासाहेब गोपाळ मंदिरापासून माधव नगरापर्यंत ओरडत: “हजरात, आपकी तशरीफ़ आवरी का इंतज़ार रहेगा, रोज़ाना तीन शो!” मारामारीच्या पिक्चरलाही हीच अदब. पोरं मागे धावत. ते टांगा थांबवून पोरांनाही नमस्कार करत. हसणारे हसत, मीही हसायचो. पण भोंगा खाली ठेवला की त्यांच्या चेहऱ्यावर कधी लाज दिसली नाही. निमंत्रण द्यायचं, ते नीट द्यायचं, एवढंच त्यांना येत होतं आणि तेवढंच ते करत होते.

तिसऱ्या दिवशी ते पेटी घेऊन इंदूरहून आले तेव्हा सेठने त्यांना टॉकीजच्या दारातच मिठी मारली. “वाह भय्यासाहेब! अपनी बेटी की शादी लगा दी! ऐसी पब्लिसिटी तो बम्बईवाले भी नहीं कर सकते!”

भय्यासाहेबांनी कागद हातात घेतला, वाचला. त्यांच्या ओठांवरचा रंग गेला. मी समोरच उभा होतो. ते ओरडतील म्हणून मी डोळे मिटले. उघडले तर ते अजून वाचतच होते, पहिल्यापासून.

“शुद्धलेखन बरोबर आहे,” एवढंच म्हणाले.

त्यांच्या घरी पोचेपर्यंत मी मागे मागे होतो. दारात त्यांची थोरली बहीण, अक्का, उभी. “आलास का रे माणक्या? आमच्या मंगलेला सिनेमात घातलीस ना? सकाळपासून सतरा बाया येऊन गेल्या. एक म्हणते, मंगला पळाली खरं का. दुसरी म्हणते, पहिली पत्रिका पण पिक्चरचीच होती का, मी तर आहेराचं लुगडं आणून बसले. तिसरी फुकट पास मागते!”

“अक्का, मी चुकून...”

“चुकून माणूस पाय घसरून पडतो. अडीचशे वेळा घसरतो का मेल्या?”

मी उंबऱ्याबाहेर काढलेल्या चपला परत पायात घातल्या.

मग ज्याची भीती होती ते झालं. मंगलेच्या भावी सासऱ्यांचा एक चुलतभाऊ माधव नगरात राहत होता. त्याने गुलाबी कागद बसच्या ड्रायव्हरबरोबर देवासला पाठवला. दुसऱ्या दिवशी दुपारी बापूसाहेब खासगीवाले देवास गेटला बसमधून उतरून थेट वाकनीसांच्या खोलीत आले. निवृत्त तहसीलदार, काळा कोट, हातात तो कागद घडी घालून. त्यांचा मुलगा अरविंद बांधकाम खात्यात ओव्हरसियर होता. बारा दिवसांनी मंगलेशी त्याचं लग्न. मी कोपऱ्यात सतरंजीवर बसलो होतो. कोणी बस म्हटलं नव्हतं, पण पळून जायला दारातून बापूसाहेबांना ओलांडावं लागलं असतं.

“हे तुमच्या नावाने निघालंय, भय्यासाहेब?”

“माझ्याच नावाने.”

“मजकूर तुमचा?”

मी तोंड उघडलं. “बापूसाहेब, तो खरं म्हणजे...”

“माणिक, मोठ्यांत बोलू नये,” भय्यासाहेब म्हणाले, आणि बापूसाहेबांकडे वळून, “वाकनीसाच्या सहीने गेलेलं निमंत्रण वाकनीसाचंच.”

मी थक्क. बापूसाहेबही. त्यांना वाटलं होतं समोरचा सबबी सांगेल. तहसीलदाराला सबबी ऐकायची सवय असते. कबुलीशी काय करायचं ते त्याला कळत नाही.

“मग ऐका,” ते म्हणाले. “माझ्या सुनेचं लग्न नाटक-सिनेमाच्या कागदावर बाजारात फिरलं. मी लग्न मोडायला आलो होतो. पण तुमचं घराणं मला माहीत आहे. एकच अट. ती टॉकीजची चाकरी आज सोडा. तसं सेठला लिहून द्या, माझ्यासमोर. नाहीतर हे लग्न होणार नाही.”

भय्यासाहेबांनी एक क्षणही घेतला नाही. “माणिक, दौत दे.” आणि ते लिहायला बसले: ‘सेवेसी विनंती विशेष...’ अक्काने पदर तोंडाला लावला. ज्या माणसाने एकदा संस्थान गमावून नोकरी गमावली होती, तो दुसऱ्यांदा माझ्या आळशीपणापायी गमावत होता, आणि अक्षर तितकंच सुरेख येत होतं.

तेवढ्यात मंगला चहा घेऊन आली. ताट खाली ठेवून ती उभीच राहिली.

“बाबांनी ही चिठ्ठी पाठवली,” ती म्हणाली, “तर मी लग्न करणार नाही.”

लग्नाआधी सून सासऱ्यासमोर बोलते! आमच्या माधव नगरात असं आजवर झालं नव्हतं. सिनेमातही झालं नव्हतं.

“तुला अरविंद पसंत नाही का?” बापूसाहेबांनी जणू दुसऱ्याच कोणाला विचारावं तसं विचारलं.

“पसंत आहेत.” तिचे कान लाल झाले. “पण तुमच्या घरी पानावर बसले की मला बाबांची गेलेली नोकरी दिसेल. जेवण जाणार नाही मला.”

अक्का म्हणाली, “कार्टे, आत जा.” ती गेली नाही.

बापूसाहेबांनी कप उचलून एका दमात रिकामा केला. मग एकदम म्हणाले, “हा पिक्चर आहे तरी काय? मी आजवर एकही पाहिला नाही. ज्याच्यापायी लग्न मोडायचं तो बघावा तर.”

तीनचा शो होता. भय्यासाहेबांनी त्यांना बाल्कनीत नेऊन बसवलं, अत्तर लावलं, आणि ‘बापूसाहेब, आपली कृपा झाली’ म्हणून हात जोडून बाहेर आले. दोन तास आम्ही दोघं पायऱ्यांवर. मी म्हटलं, “भय्यासाहेब, मी सांगतो त्यांना. माझी चूक आहे.”

“मला सांगितलंस ना? पुरे.” थोड्या वेळाने म्हणाले, “आतून हसण्याचा आवाज येतोय. लोक खूश दिसतात.” चिठ्ठी त्यांच्या खिशात होती, सही करून.

शो सुटला. बापूसाहेब सगळ्यांत शेवटी आले, रुमालाने चष्मा पुसत. हसून पाणी आलं होतं की कशाने, कळेना.

“त्या दोघांचं लग्न,” ते म्हणाले, “पेपरवाल्याने ठरवलं, कंपनीने ठरवलं, गावाने ठरवलं. शेवटपर्यंत त्यांना कोणी विचारलंच नाही हो! शेवटी ती मुलगी स्वतःच उभी राहून बोलते, तेव्हा कुठे.” त्यांनी चष्मा पुन्हा डोळ्यांवर चढवला. “आम्ही पण मंगलेला कुठे विचारलं होतं? पत्रिका जुळली, झालं. आज तिनेच सांगितलं, पसंत आहेत म्हणून.”

भय्यासाहेबांनी खिशातली चिठ्ठी काढून पुढे केली. बापूसाहेबांनी ती वाचली आणि परत दिली.

“अक्षर ठेवा. नोकरीही ठेवा. पण माझ्या माणसांचा आता छापलेल्यावर विश्वास बसायचा नाही. निमंत्रण हाताने लिहा. प्रत्येकाला.”

मला हा मोठा धक्का होता. मी शिकलेला मुलगा, मॅट्रिक, छापखान्याचा अभिमान असलेला. आणि एक म्हातारा तहसीलदार सांगतो की छापलेलं खोटं आणि लिहिलेलं खरं. पण झालं तसंच. भय्यासाहेब पाच दिवस लिहीत बसले. कोणाला ‘येणे करावे’, कोणाला ‘कृपा व्हावी’. मग सुट्टी काढून, पागोटं घालून, घरोघर गेले, गुलाबी कागद मागून घेतला आणि हातचा दिला. मी पिशवी धरून मागे. एका घरी बाई म्हणाल्या, “या बार पण हिरो-हिरॉइन येणार का हो?” भय्यासाहेब म्हणाले, “येणार. हिरो बांधकाम खात्यात आहे.” त्यांना विनोद येतो हे मला तेव्हा कळलं.

लग्नाला लोक मावले नाहीत. निम्मे खरोखर नटी बघायला आले होते. एक सायकलवाला मांडवाच्या दाराशी मोठ्याने विचारत होता, “दुल्हन कौन-सी कंपनी की है?” अक्काने त्याला आत ओढून पानावर बसवलं, “शिंदे सरकारची. जेव आता!” तो इतका घाबरला की त्याने तीन जिलब्या खाल्ल्या. अरविंद मुंडावळ्यांतून मंगलेकडे बघत होता आणि मंगला सरळ त्याच्याकडे. कोणाला काही दाखवायचं नव्हतं त्यांना. ‘इश्तहारी जोडी’ टॉकीजमधून पुढच्या आठवड्यात उतरला. भय्यासाहेब सोमवारी पुन्हा टांग्यात.

निघताना बापूसाहेब माझ्यापाशी थांबले. त्यांना मी कोण हे तेव्हाच कळलं.

“तू प्रेसमधला का? बिचारा. तुला सांगतील ते छापावं लागतं.” माझ्या मनगटावर त्यांनी अत्तर लावलं. “एक काम कर. तो मजकूर वाकनीसांनी जुळवलेला नाही, हे मला कळतंय. ते सांगणार नाहीत. तो कोणी जुळवला ते तू शोध, आणि एक पोस्टकार्ड टाक. रागावणार नाही, नुसतं बघायचंय.”

“टाकतो,” मी म्हणालो.

त्याला आता दुसरं वर्ष चाललं आहे. मंगलेला मुलगी झाली, भय्यासाहेबांनी बारशाची निमंत्रणं हाताने लिहिली, देवासहून पेढे आले, तेही मी खाल्ले. पोस्टकार्ड आणलेलं आहे. बापूसाहेबांचा पत्ता घातला आहे, ‘तीर्थस्वरूप’ लिहून झालं आहे. पुढची ओळ यायची आहे.