दाराला नवं बांधताना

आधीच सांगून टाकतो — असल्या गोष्टींवर माझा काडीचाही विश्वास नाही. चारकोपच्या आमच्या सोसायटीच्या मीटिंगा सोडल्या, तर अमानवीय असं मी आयुष्यात काही पाहिलेलं नाही. तरी हे लिहितोय...

आम्ही मूळचे मालवणकडचे. दसऱ्याला भाताच्या ताज्या लोंब्या आंब्याच्या पानांत गुंडाळून दाराला बांधायच्या, त्याला आम्ही 'नवं' म्हणतो. त्याआधी घरातल्या कर्त्याने देवाला गाऱ्हाणं घालायचं आणि बाकीच्यांनी 'व्हय म्हाराजा' म्हणायचं. हे काम कायम बाबांचं. त्यांचं वर्षश्राद्ध झालं आणि दसरा आला. आईने बजावलं, "गाऱ्हाणा जमणा नसात तर आताच सांग. ह्या वर्सापासून बंद करूया. फुकटचो देखावो नको."

म्हणजे इतक्या पिढ्यांचं माझ्यापाशी येऊन थांबणार! गावच्या चुलतभावाला फोन करून सगळं गाऱ्हाणं मोबाइलमध्ये टाइप केलं.

सकाळी नऊला दारात उभा राहिलो. बायको, सुनीता, हळूच म्हणाली, "अहो, बातम्या देताय का? जरा आवाज काढा."

आवाज काढला. "बा देवा म्हाराजा..." बरं चाललं होतं. आणि मधेच तोंडातून गेलं, "धाकल्या चंद्रीक सांभाळ."

"व्हय म्हाराजा" म्हणायला फक्त सुनीता. आईने मला मधेच थांबवलं.

"तुका ह्या नाव कोणी सांगल्यान?"

मी मोबाइल पाहिला. त्यात चंद्री नव्हतीच. सुनीताने माझ्या हातातून ओढून दोनदा वाचला. नव्हती.

मग आईने सांगितलं, चंद्री ही बाबांची बहीण. चार वर्षांची असताना तापाने गेली. त्यानंतर घरात तिचं नाव काढायची बंदी. बाबा दर दसऱ्याला तिचं नाव घ्यायचे, पण मनातल्या मनात... हे त्यांनी फक्त आईला सांगितलं होतं, तेही एकदाच.

"लहानपणी कधीतरी ऐकलं असेल तुम्ही," सुनीता म्हणाली. असेल. पण कोणाकडून? चुलतभावाला विचारलं, तर तो म्हणाला, "कोण चंद्री?" मी एसी दुरुस्त करतो, गॅस कुठून लीक होतो ते शोधणं हा माझा धंदा. हे लीक मात्र सापडलेलं नाही.

नवं आईनेच दाराला बांधलं. नाव कुठून आलं असेल, असं तिला अजूनही विचारतो. ती म्हणते, "खंयसून का येयना. पुढल्या वर्सा मोठ्यान म्हण. ह्येंका जन्मभर जमाक नाय."